चर्चच्या वहीत दोन ओळी, लक्ष्मीबाईंच्या आठवणीत अख्खं आयुष्य

मंद्रूप (ता. दक्षिण सोलापूर) : नोंद सापडली का, हा प्रश्न २०२३ पासून आपल्या भागात चहाच्या टपरीवरसुद्धा ऐकू येतो. गाव नमुना १४, कोतवाल बुक, शाळेचं जनरल रजिस्टर, मोडी वाचणारा माणूस कुठं मिळतो, हे सगळे शब्द त्या वर्षी पोरासोरांच्या तोंडी आले. मीही पणजोबांचं नाव शोधायला एका कार्यालयात गेलो होतो. गठ्ठा निघाला, पान निघालं, पण पानाचा खालचा अर्धा भाग वाळवीनं खाल्लेला. तारीख शाबूत होती, नाव गेलं होतं. घरी येऊन म्हातारीला विचारलं तर तिला नाव माहीत, कुणाचा कोण हे माहीत, कोणत्या साथीत कोण गेलं तेही माहीत. तारीख मात्र एकही नाही.

त्या दिवसापासून लक्ष्मीबाई टिळक डोक्यात घोळत आहेत. २४ फेब्रुवारी ही त्यांची पुण्यतिथी. बहुतेकांना त्या 'स्मृतिचित्रे' या पुस्तकामुळं, शाळेतल्या एखाद्या धड्यामुळं माहीत असतील. त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात कठीण काळ आपल्या जिल्ह्यात, पंढरपुरात गेला, हे मात्र फार कमी जणांना ठाऊक आहे. आणि ज्या मंडळींच्या इतिहासाचा कागद आज इथं थोडा, अमेरिकेत जास्त अशी गत आहे, त्या मंडळींचा जिवंत इतिहास याच बाईनं लिहून ठेवला, हे तर त्याहून कमी जणांना.

लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ चा. गाव नाशिकजवळचं जलालपूर, आडनाव गोखले, नाव मनकर्णिका. घरी मनू म्हणायचे. घराला एक जुनी जखम होती. १८५७ च्या बंडात आईच्या वडिलांना इंग्रजांनी फाशी दिलं होतं. त्या धक्क्यानंतर लक्ष्मीबाईंच्या वडिलांना सोवळ्याचं असं काही वेड लागलं की, बाजारातून आणलेलं धान्य काय, मीठ काय, सगळं धुऊन घ्यायचं. मीठ धुतल्यावर उरणार काय, हे सांगायला नको. घरातल्या बायकांचे हात दिवसभर पाण्यात. पुढं लक्ष्मीबाईंनी हे सगळं लिहिलं ते रडत नाही, तर वाचणाऱ्याला हसू येईल असं. पण हसता हसता त्या घरातल्या आईची दया येते, एवढी ताकद त्या लिहिण्यात आहे.

पुढं आत्याकडं, नाशिकच्या खांबेटे यांच्या घरी, मनू वाढली. त्यांना मूलबाळ नव्हतं. १८८० साली, वय अकरा-बारा असताना तिचं लग्न झालं. नवरा नारायण वामन टिळक, अठरा-एकोणीसचा. रत्नागिरीकडचा मुलगा, लहानपणी आई गेलेली, बापाच्या धाकाला कंटाळून घराबाहेर पडलेला, नाशिकला गणेशशास्त्री लेले यांच्याकडं संस्कृत शिकलेला. बुद्धी तल्लख, हात सढळ, डोकं गरम. पैसा हातात आला की तो दुसऱ्याचा झालाच म्हणून समजा. कधी शाळामास्तर, कधी कीर्तनकार, कधी कुणा श्रीमंताच्या पदरी संस्कृत ग्रंथांचं काम. मध्येच वैराग्य आलं की वणीच्या सप्तशृंगी गडाकडं. घरात बायको आहे, उद्याचं पीठ नाही, याचा पत्ता या माणसाला शेवटी लागायचा.

असं असूनही बायकोला लिहायला-वाचायला शिकवलं ते टिळकांनीच. शाळेचं तोंड न पाहिलेली ही मुलगी जेमतेम अक्षरं जोडायला लागली. जोडाक्षरांची तिची भीती बराच काळ गेली नव्हती. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढं तिचं काम आहे.

मुलं झाली, काही गेली. १८९१ साली झालेला दत्तू तेवढा हाताशी राहिला. टिळक नागपूरकडं होते, पुढं राजनांदगाव संस्थानात नोकरी. तिकडं जाताना आगगाडीत एका गोऱ्या माणसाची गाठ पडली. त्यानं टिळकांना बायबल भेट दिलं. टिळकांनी ते वाचलं, वाद घातले, पत्रं लिहिली, आणि १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत अमेरिकन मराठी मिशनच्या चर्चमध्ये बाप्तिस्मा घेतला.

हे अमेरिकन मराठी मिशन म्हणजे काय, ते इथं सांगायला पाहिजे, कारण नोंदींची सगळी गोष्ट त्याच्यात आहे. अमेरिकेत काँग्रिगेशनल नावाचा एक ख्रिस्ती पंथ. त्यांच्यात वरून हुकूम सोडणारा बिशप नसतो. एका गावातल्या ख्रिस्ती लोकांची जी मंडळी, तीच आपला कारभार बघते. पाळक कुणाला नेमायचं, सभासद कुणाला करून घ्यायचं, कुणी चुकला तर काय करायचं, हे सगळं बैठकीत ठरतं आणि वहीत लिहिलं जातं. साधारण आपल्या ग्रामसभेसारखं समजा, फक्त इथं ठराव झाल्यावर वही खरोखर लिहिली जायची. या पंथातल्या लोकांनी १८१० मध्ये मॅसॅच्युसेट्स राज्यात अमेरिकन बोर्ड नावाची संस्था काढली. तिची माणसं फेब्रुवारी १८१३ मध्ये मुंबईला उतरली. १८३१ मध्ये अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, त्यांचं ठाणं झालं. १८४२ मध्ये तिथून 'ज्ञानोदय' हे मराठी नियतकालिक निघालं. १८६० च्या दशकात सोलापूरला ठाणं आलं. सोलापूर शहरात हार्डिंग, वोरोनोको अशी शाळांची नावं ऐकून ज्यांना प्रश्न पडला असेल त्यांच्यासाठी सांगतो: हार्डिंग हे सोलापुरात काम केलेल्या एका मिशनरी घराण्याचं आडनाव, आणि वोरोनोको हे तिकडच्या मॅसॅच्युसेट्समधल्या एका लहान गावाचं नाव. लेकराला शाळेत सोडताना आपण अमेरिकेतल्या एका खेड्याचं नाव घेतो, ते असं.

या मंडळींमध्ये आलेले बहुतेक लोक गावकुसाबाहेरचे होते. महार, मांग समाजातली गरीब माणसं. त्यातल्या अनेकांचं नाव पहिल्यांदा कुठल्या कागदावर आलं असेल तर ते चर्चच्या वहीत. कुणाचा बाप्तिस्मा कधी, लग्न कुणाशी, मूल कधी, दुसऱ्या गावी गेला तर कुठल्या मंडळीत गेला, आणि शेवटी मरण कधी. एका माणसाला एक-दोन ओळी. पण ज्या घराण्याला ना वतन होतं, ना सातबारा, त्याच्यासाठी त्या दोन ओळी म्हणजे पणजोबाचा एकमेव पुरावा.

आता गोम इथंच आहे. वरचं ऑफिस नाही, म्हणून वही त्या-त्या गावच्या मंडळीतच राहायची. पाळकाच्या घरातल्या ट्रंकेत नाहीतर चर्चच्या कपाटात. कपाट गेलं की वही गेली. दुसरीकडं प्रत शोधायची सोय नाही. अमेरिकन मिशनऱ्यांनी जी पत्रं आणि वार्षिक अहवाल बॉस्टनला पाठवले ते मात्र तिकडं जपून ठेवले गेले. अमेरिकन बोर्डाची ती दप्तरं आज हार्वर्ड विद्यापीठाच्या हॉटन ग्रंथालयात आहेत. म्हणजे शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या सोलापूर-नगरच्या दुष्काळाबद्दल गोऱ्या साहेबानं काय लिहिलं ते बॉस्टनजवळ बसून वाचता येतं, आणि त्याच दुष्काळात मंडळीत आलेल्या माणसाचं नाव इथल्या वहीत शोधायला गेलं तर वाळवी आधी पोचलेली असू शकते.

असो. टिळकांनी धर्म बदलला आणि इकडं लक्ष्मीबाईंच्या डोक्यावर आभाळ कोसळलं. वय सत्तावीस, पदरात चार वर्षांचा मुलगा, नवरा जिवंत असून नसल्यासारखा. त्या काळी धर्म बदलणं म्हणजे जात, नातं, पंगत, सगळं एका दिवसात तुटणं. बाईची विधवेसारखी गत व्हायची, फक्त कुंकू पुसायचं बाकी. माहेरच्यांनी सांभाळलं, पण डोळ्यांत तेल घालून पहाराही ठेवला. ही नवऱ्याच्या मागं गेली तर काय, ही भीती.

या काळात लक्ष्मीबाई बहिणीकडं, भिकूताई पेंडसे यांच्या घरी, पंढरपूरला होत्या. आपण आषाढीला जातो ते पंढरपूर. एका बाजूला विठोबाचं देऊळ, चंद्रभागेचा काठ, कीर्तन, टाळ. दुसऱ्या बाजूला लोकांच्या नजरा. ही ती, हिचाच नवरा बाटला. बाजारात, घाटावर, हळदीकुंकवाला, कुठंही गेलं तरी ही कुजबुज. याच काळात त्यांच्या हातून कविता व्हायला लागल्या. दुःख सांगायला दुसरं माणूस नव्हतं, म्हणून ओव्या-श्लोकांना सांगितलं, असं म्हणायला हरकत नाही. टिळकही पत्रं पाठवायचे, तीही कधी कवितेत. भेटायलाही आले. भेटीत प्रेम होतं तेवढंच भांडण, आणि दत्तू कुणाकडं राहणार यावरून ओढाताण.

इथं टिळकांचीही एक बाजू सांगितली पाहिजे. १८६६ च्या एका कायद्याप्रमाणं धर्म बदललेल्या माणसाबरोबर राहायला त्याची बायको तयार नसेल, तर कोर्टात जाऊन ते लग्न मोडून घेता यायचं आणि दुसरं करता यायचं. टिळकांना तसे सल्ले मिळाले. त्यांनी ते ऐकले नाहीत. हा तापट, बेभरवशाचा माणूस या एका बाबतीत जवळजवळ पाच वर्षं थांबून राहिला. घर चालवण्यात शून्य मार्क देईन मी त्यांना, पण या थांबण्याचे मार्क कापता येत नाहीत.

आणखी एक गोष्ट पंढरपूरच्या लोकांना आवडेल. टिळक ख्रिस्ती झाले तरी तुकोबा सुटले नाहीत. तुकारामाच्या पुलावरूनच आपण ख्रिस्ताकडं आलो, असं ते मानत. चर्चमध्ये तोवर इंग्रजी चालीवरची, भाषांतर केलेली गाणी जास्त. टिळकांनी अभंग लिहिले, भजनं लिहिली, चर्चमध्ये टाळ-मृदंग आणला. मराठी चर्चमध्ये आजही त्यांची गाणी म्हटली जातात. याच मिशनमधले एक साहेब, जस्टिन ॲबट, यांनी तर महिपतीबुवांची संतचरित्रं इंग्रजीत नेली. धर्म बदलले, पण पंढरीची वाट कुणी पुसली नाही.

शेवटी लक्ष्मीबाई नवऱ्याकडं नगरला गेल्या. पण धर्म बदलायला नाही, संसार करायला. नवरा ख्रिस्ती, बायको ब्राह्मण, स्वयंपाक वेगळा, पाणी वेगळं. नवऱ्याचा स्पर्श झाला तरी विटाळ. ज्या घरात मीठ धुतलं जायचं तिथं वाढलेली ही बाई. हे किती दिवस चालणार? काही महिने चाललं. मग हळूहळू त्यांच्या मनानं प्रश्न विचारायला सुरुवात केली. माणसात उच्च-नीच देवानं केलं की माणसानं? जनावराला जात नाही, झाडाला नाही, मग माणसालाच कुठून आली? हा विचार त्यांनी कुठल्या पुस्तकातून उचलला नाही, कुणी पाळकानं गळी उतरवला नाही; स्वतःशीच वाद घालून त्या तिथं पोचल्या. आणि एकदा पटल्यावर माघार नाही. कुणाच्याही हातचं खाईन, पिईन, असं त्यांनी ठरवलं आणि तसंच केलं. बाप्तिस्मा त्यानंतर, १९०० साली. म्हणजे जात आधी सुटली, धर्म नंतर बदलला. चर्चच्या वहीत फक्त बाप्तिस्मा येतो. त्याआधी एका बाईनं आपल्या चुलीजवळ बसून जे युद्ध केलं त्याला वहीत रकाना नसतो.

नगरचे ते दिवस भयंकर होते. १८९९-१९०० चा दुष्काळ, आपल्या आज्या-पणज्या ज्याला छप्पनचा दुष्काळ म्हणायच्या तो, आणि त्याच्या जोडीला प्लेग. रस्त्यावर आईबाप मेलेली पोरं. मिशननं अशी कितीतरी मुलं सांभाळली आणि टिळकांचं घर कायम भरलेलं. कुणाला घेऊन यायचं हे टिळक ठरवायचे, त्यांना खायला काय घालायचं हे लक्ष्मीबाईंनी बघायचं. एक मुलगी, तारा, तर त्यांचीच लेक झाली. प्लेगच्या छावणीतल्या रोग्यांची सेवाही लक्ष्मीबाईंनी केली. राहुरीला काही वर्षं संसार झाला. तिथल्या खेड्यातल्या बायांमध्ये त्या मिसळल्या. ज्यांची सावली चुकवायला शिकवलं होतं, त्यांच्याच लेकरांना न्हाऊ-माखू घालायला लागल्या.

बालकवी ठोंबरे, निसर्गावर कविता करणारे, शाळेत ज्यांच्या कविता आपण पाठ केल्या, ते तरुणपणी टिळकांच्या घरी राहिलेले. १९०७ साली जळगावला कवींचं संमेलन झालं, त्यात टिळकांचा पुढाकार होता. तिथंच या पोराची चमक दिसली. त्याचे रुसवे-फुगवे, भीती, हट्ट, हे सगळं आपल्याला कळतं ते लक्ष्मीबाईंकडून. कवीचं चरित्र लिहिणारा कवितांच्या तारखा शोधत बसतो. पोरगा जेवला का नाही, हे लक्ष्मीबाईंना माहीत.

टिळक १९०४ मध्ये पाळक झाले, १९१२ पासून 'ज्ञानोदय'चा मराठी भाग सांभाळू लागले. पण गोऱ्या मिशनऱ्यांच्या पगारावर धर्माचं काम करणं त्यांना डाचायला लागलं. १९१७ मध्ये त्यांनी मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्याला 'देवाचा दरबार' नावाचा वेगळा प्रयत्न मांडला, जिथं बाप्तिस्मा घेतलेले न घेतलेले सगळे एकत्र येतील. घरात पुन्हा पैशाची बोंब. तो प्रयत्न मूळ धरण्याआधीच, ९ मे १९१९ रोजी, मुंबईत टिळक गेले.

लक्ष्मीबाई पन्नाशीत. मग त्यांनी काय केलं नाही? मुंबईत मुलींच्या वसतिगृहावर देखरेखीची नोकरी केली. ख्रिस्ती कीर्तनं केली; डोक्यावर पदर घेऊन, उभं राहून, चारचौघांत. काही काळ कराचीला राहिल्या. टिळकांनी १९०९ मध्ये 'ख्रिस्तायन' नावाचं ओवीबद्ध महाकाव्य लिहायला घेतलं होतं. दहा-अकरा अध्याय होऊन ते राहिलं होतं. या बाईनं, जिला एके काळी जोडाक्षराची भीती वाटायची, पुढचे चौसष्ट अध्याय लिहून ते पुरं केलं. हिशोब करा म्हणजे नवऱ्याचं किती आणि बायकोचं किती ते कळेल. तरी महाकाव्य म्हटलं की लोक नाव टिळकांचं घेतात.

आणि मग 'स्मृतिचित्रे'. हे पुस्तक ठरवून झालेलंच नाही. मुलगा देवदत्त वडिलांचं चरित्र लिहायला बसला. त्यानं आईला सांगितलं, तुला आठवतं ते लिहून काढ. म्हणजे आई ही वडिलांच्या चरित्राचा कच्चा माल. आई लिहायला लागली आणि लिहिता लिहिता कच्च्या मालाचंच सोनं निघालं. 'संजीवनी' या साप्ताहिकातून ते येऊ लागलं, मग १९३४ पासून भागाभागानं पुस्तक निघालं. मराठीतल्या चांगल्या पाच-दहा पुस्तकांची यादी कुणीही केली तरी त्यात ते असतंच. इंग्रजीत त्याचं भाषांतर एकदा १९५० मध्ये आणि पुन्हा २०१७ मध्ये झालं. विजया मेहतांनी त्यावर केलेल्या चित्रपटात सुहास जोशींनी लक्ष्मीबाई उभी केली.

लिहिण्यातली भाषा कशी? तुमच्या-आमच्या आजीसारखी. अंगणात बसून सांगावी तशी. नवऱ्याचा राग आला तर राग, हसू आलं तर हसू, आपण कुठं मूर्खपणा केला तो सगळ्यात आधी. आपण ख्रिस्ती झालो म्हणून जुन्या माणसांना नावं ठेवली नाहीत, आणि मिशनमध्ये मिळाला म्हणून गोऱ्या साहेबांचा उदोउदोही केला नाही. मिशनऱ्यांच्या अहवालात नगरची मंडळी दिसते ती वरून बघितल्यासारखी: किती बाप्तिस्मे, किती शाळा, किती मुलं. तोही कागद मोलाचाच. नगरच्या मिस फरार यांची मुलींची शाळा बघून जोतिबा फुल्यांना पुण्यात मुलींची शाळा काढायची कल्पना आली, तेव्हा मिशनचे कागद नुसते ख्रिस्ती लोकांच्या कामाचे आहेत असं कुणी समजू नये. पण त्या मंडळीत चूल कशी पेटायची, वेगवेगळ्या जातींतून आलेली माणसं पहिल्यांदा एका पंगतीला बसली तेव्हा कुणाचा घास अडकला, बायका भांडल्या कशावरून, हे अहवालात नाही. ते लक्ष्मीबाईंकडं आहे.

कमी कुठं असेल तर तारखांत. त्यांच्या आठवणीत प्लेगचं वर्ष असतं, अमक्या लेकराच्या जन्माच्या वेळचं असतं, घर बदललं तेव्हाचं असतं, सन क्वचित. काही ठिकाणी मागचं पुढं झालेलं. माझ्या म्हातारीसारखंच. पुढं त्यांचे नातू अशोक देवदत्त टिळक यांनी या पुस्तकाची टिपांसह आवृत्ती तयार केली. जुनी पत्रं, कागद, अंक लावून माणसं कोण, साल कोणतं, हे जुळवलं. ते काम कसं झालं? कागद शिल्लक होते म्हणून. घरच्यांनी पत्रं ठेवली होती, 'ज्ञानोदय'चे अंक होते, चर्चमध्ये नोंदी होत्या. आजीची आठवण एका हातात आणि जुनी वही दुसऱ्या हातात, असं बसलं तेव्हा ते जमलं. माझ्याकडं आजी आहे, वहीचं अर्धं पान आहे.

बॉस्टनला काँग्रिगेशनल चर्चचं एक जुनं ग्रंथालय आहे. तिथल्या लोकांनी अमेरिकेतल्या त्यांच्या खेड्यापाड्यांतल्या चर्चच्या सतराव्या-अठराव्या शतकातल्या वह्या शोधून, स्कॅन करून, इंटरनेटवर कुणालाही फुकट बघता येतील अशा ठेवल्यात. अक्षर लागत नाही म्हणून शेजारी छापील अक्षरात उतरवूनही देतात. तिकडंही वर बिशप नाही, वही गावातच, तीच अडचण. माणसं गावोगाव फिरली, पोटमाळे बघितले, कपाटं उघडली. आपल्याकडं अमेरिकन मिशनच्या या मंडळी पुढं संयुक्त चर्चमध्ये गेल्या आणि १९७० मध्ये चर्च ऑफ नॉर्थ इंडिया झालं तेव्हा त्यात आल्या. नावं बदलली, पाट्या बदलल्या, पाळक बदलले. प्रत्येक बदलात ट्रंका इकडून तिकडं होतात, आणि ट्रंकेतलं जुनं कोण बघतो?

म्हणून ज्यांच्या घरी, चर्चमध्ये, देवळात, दर्ग्यात, तालमीत, शाळेत जुनी वही आहे त्यांना एवढंच सांगणं. तिला चिकटपट्टी लावू नका, लॅमिनेशन तर अजिबात करू नका. कागद आतून मरतो. खिडकीजवळ दिवसाच्या उजेडात ठेवा, फ्लॅश बंद करा, पुठ्ठ्यापासून शेवटच्या कोऱ्या पानापर्यंत एकेक पानाचा मोबाईलवर सरळ फोटो घ्या. कोरं पानही सोडू नका, मागं कुणीतरी पेन्सिलनं काही लिहिलेलं असतं. पहिल्या फोटोत चिठ्ठीवर गावाचं नाव, वही कुणाकडं आहे, फोटो कधी घेतला हे लिहून ठेवा. फोटो दोन-तीन ठिकाणी साठवा. व्हॉट्सॲपवर पाठवलात तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, नाहीतर फोटो आक्रसतो आणि अक्षर लागत नाही. लोकांच्या घरच्या गोष्टी त्यात असतात, तेव्हा ग्रुपवर उधळू नका. आणि मग आजीसमोर बसून ती नावं एकेक करून वाचा. रेकॉर्डिंग चालू ठेवा. मी तेवढंच करतोय सध्या. पहिल्या दिवशी अकरा नावं झाली. त्यातल्या सात माणसांबद्दल म्हातारीनं काहीतरी सांगितलं, एकाबद्दल तर असं सांगितलं की घरात पुन्हा जुनं भांडण निघालं.

आपल्या मंद्रूपपासून हत्तरसंग-कुडल लांब नाही. भीमा-सीनेच्या संगमावरच्या त्या देवळात शके ९४० ची, म्हणजे इसवी सन १०१८ ची मराठी ओळ दगडात आहे. सोलापूरचे संशोधक आनंद कुंभार यांनी ती वाचून जगापुढं आणली. कुणीतरी लिहिली, हजार वर्षं टिकली, आणि एक दिवस कुणीतरी नीट वाचली. दगड होता म्हणून एवढा वेळ मिळाला. कागदाला तेवढा वेळ नसतो.

लक्ष्मीबाईंनाही तो मिळाला नाही. १९३३ मध्ये नागपूरच्या मराठी ख्रिस्ती साहित्य संमेलनाच्या त्या अध्यक्ष झाल्या, नाव झालं, लोक भेटायला येऊ लागले. आठवणींचा चौथा भाग लिहिणं चालू होतं. टिळक गेल्यानंतरचे दिवस, नोकरी, मग कराचीला जाणं, इथवर त्या आल्या होत्या. २४ फेब्रुवारी १९३६ रोजी नाशिकला त्यांचं निधन झालं. कराचीनंतरचं काही त्यांनी लिहिलेलं नाही. चौथ्या भागातलं पुढचं मुलगा देवदत्त यानं लिहून पुरं केलं. पूर्ण झालेलं 'ख्रिस्तायन' त्यांच्या माघारी, १९३८ मध्ये निघालं.